तुळुनाडांतील नागबनें आणि सर्पबलीचा काल

तुळु देशांतील नागपूजा ही गृह्यसूत्रांत सांगितलेल्या सर्पबलीचीच एक शाखा होय, असें आम्ही पुष्कळ वर्षें मानीत आलों व शाळेंत विद्यार्थ्यांसही तसेंच सांगत आलों. ताडपत्रांच्या एका लहानशा पुडक्यामुळें हें मत पुन्हा तपासून पाहण्याचा प्रसंग आला, आणि तें निम्मेंच खरें आहे असें आढळून आलें. आपली चूक आपणच छापून मोकळें व्हावें, हा एक या लेखाचा हेतु. दुसरा हेतु असा कीं, या विषयाचीं साधनें ज्यांच्या हातीं येतात त्या संग्राहकांच्या कानांवर एक गोष्ट घालावयाची आहे. ती लेखाच्या अखेरीस येईल.

ज्यास तुळुनाडु म्हणतात तो प्रदेश म्हणजे कर्नाटकांतील आजचे दक्षिण कन्नड व उडुपी हे दोन जिल्हे, आणि केरळांतील कासरगोड जिल्ह्याचा चंद्रगिरि नदीच्या उत्तरेकडील भाग. इंग्रजी अमलांत हा मुलूख दक्षिण कानडा या नांवानें मद्रास इलाख्यांत होता. १८६२ सालीं उत्तर कानडा मुंबई इलाख्यास जोडला गेला व दक्षिण कानडा मद्रासकडे राहिला. तेव्हांपासून आमच्या इकडील अभ्यासकांची दृष्टि गोकर्णाच्या पलीकडे क्वचितच गेली. वस्तुतः हा देश आम्हांस परका नाहीं. कार्कळजवळील माळा येथील चित्पावन, कासरगोडकडील कऱ्हाडे, मराठीची एक बोली बोलणारे ‘मराटी’ लोक, आणि गोमंतकांतून गेलेले सारस्वत यांचीं घरें तेथें पिढ्यान्‌पिढ्या आहेत, व तुळु शेजाऱ्यांप्रमाणेंच तेही नागास मानतात.

वर सांगितलेलें पुडकें आमच्या एका संग्राहक स्नेह्यानें जुन्या वस्तूंच्या व्यापाऱ्याकडून विकत घेतलें होतें. त्यांत दोन निरनिराळ्या वस्तु एकाच दोऱ्यांत ओंवलेल्या होत्या. पहिली, सर्पसंस्काराची संस्कृत पद्धति, तुळु लिपींत. या लिपीस तिगळारी असेंही म्हणतात. मल्याळम लिपीशीं तिचें जवळचें साम्य आहे, आणि तुळुनाडांतील वैदिकांचे बहुतेक जुने ग्रंथ तींतच लिहिलेले सांपडतात. (या लिपीस २०२४ सालीं युनिकोडांत स्थान मिळालें, ही हस्तलिखितांच्या सूचि करणारांस उपयोगी पडणारी गोष्ट आहे.) दुसरी वस्तु म्हणजे कानडी भाषेंतील दोन पत्रें. त्यांवर एका घराण्याच्या नागबनाच्या चतुःसीमा लिहिल्या होत्या: पूर्वेस ओढा, दक्षिणेस अमक्याचें शेत, इत्यादि. शकांक नव्हता, केवळ संवत्सराचें नांव होतें. आमच्या स्नेह्यास पहिला भाग मोलाचा वाटला व दुसरा निरुपयोगी. आम्हांसही प्रथम तसेंच वाटलें, हें कबूल केलें पाहिजे.

नागबन म्हणजे काय, हें येथें थोडक्यांत सांगणें अवश्य आहे. ‘बन’ हें संस्कृत ‘वन’ याचेंच रूप. शेतांच्या कडेस किंवा घरामागें थोडी जागा मोकळी सोडलेली असते. तींत बकुळ, सातवीण, काजरा, अश्वत्थ अशीं झाडें व वेली वाढूं देतात, कुऱ्हाड लावीत नाहींत, पडलेली फांदीही जळणास नेत नाहींत. मध्यें वारूळ असतें, किंवा नागाची आकृति कोरलेल्या काळ्या दगडाच्या शिला असतात; पुष्कळदां दोन्ही असतात. श्रावण शुद्ध पंचमीस घरचीं माणसें तेथें जाऊन शिलेवर दूध व शहाळ्याचें पाणी ओततात, हळद लावतात, केतकी व पोफळीचा तुरा वाहतात. पोफळीच्या तुऱ्यास तुळूंत ‘पिंगार’ म्हणतात. या शीतल उपचारास ‘तनु’ व नैवेद्यासहित पूजेस ‘तंबिल’ अशीं नांवें आहेत. त्या दिवशीं घरोघर हळदीच्या पानांत उकडलेलीं पक्वान्नें होतात. कोंकणांत व गोमंतकांत जीं पातोळ्या म्हणून प्रसिद्ध आहेत तींच हीं.

बन हें गांवाचें नसून घराण्याचें असतें, ही गोष्ट विशेष लक्षांत ठेवण्यासारखी आहे. बंट, बिल्लव इत्यादि जातींत पूर्वीं ‘अळियसंतान’ नांवाची वारसापद्धति होती. तीप्रमाणें इस्टेट मामाकडून भाच्याकडे, म्हणजे बहिणीच्या वंशांत जात असे. कुटुंबें वाढलीं, पांगलीं, तरी ज्या मूळ स्थानाहून तीं निघालीं तेथील नाग तो ‘मूळनाग’, आणि त्याच्या पूजेचा ऋणानुबंध कोणासही तोडतां येत नाहीं, अशी समजूत आहे. संतति होत नाहीं, त्वचारोग जात नाहीं, घरांत एकामागून एक अरिष्टें येतात, म्हणजे प्रश्न पाहिला जातो. आणि पुष्कळ वेळां उत्तर येतें तें असें कीं, मूळनागाचा विसर पडला आहे. मग घराणें आपल्या मूळ बनाचा शोध करूं लागतें. या शोधांत जुन्या सीमापत्राची किंमत काय असेल, याची कल्पना वाचकांनींच करावी.

आतां शास्त्राकडे वळूं. आश्वलायन व पारस्कर यांच्या गृह्यसूत्रांत सर्पबलीचें विधान आहे. श्रावणी पौर्णिमेस त्याचा आरंभ होतो. गृहस्थानें सातूचें पीठ दर्वीनें सर्पांस अर्पावें, आणि तेथपासून मार्गशीर्षांतील प्रत्यवरोहणापर्यंत तो बलि चालवावा. प्रत्यवरोहण म्हणजे ‘खालीं उतरणें’. पावसाळ्यांत सर्पांच्या भयानें उंच शय्येवर निजणारें कुटुंब त्या दिवशीं पुन्हा भुईवर निजूं लागतें. म्हणजे शास्त्राप्रमाणें सर्पांचा काल श्रावण ते मार्गशीर्ष हे चार महिने होय.

तुळुनाडांतील दोन मुख्य नागतिथि पाहाव्या. पहिली श्रावण शुद्ध पंचमी. दुसरी मार्गशीर्ष शुद्ध षष्ठी, म्हणजे चंपाषष्ठी. या षष्ठीस कुक्के सुब्रह्मण्य येथें रथोत्सव होतो. मंगळूरजवळील कुडुपु येथील अनंतपद्मनाभाचा आणि मंजेश्वर येथील सारस्वतांच्या अनंतेश्वराचा उत्सवही याच सुमारास येतो. सुब्रह्मण्य व अनंत हीं दोन्ही नांवें तेथें नागाशीं एकरूप झालेलीं आहेत. श्रावण शुद्धांत आरंभ व मार्गशीर्ष शुद्धांत शेवट हें माप सूत्रांतील मापाशीं जुळतें. पौर्णिमेच्या जागीं पंचमी-षष्ठी आली एवढाच फरक, आणि पंचमी ही नागांची तिथि म्हणून पुराणांनीं ठरविली असल्यामुळें तो समजण्यासारखा आहे.

यावर कोणी असा आक्षेप घेईल कीं, चंपाषष्ठी ही महाराष्ट्रांत खंडोबाची तिथि आहे, तिचा नागाशीं संबंध काय? आम्हांसही ही शंका होती. परंतु तिचें उत्तर आपल्याच घरांत आहे. चंपाषष्ठीच्या आदल्या दिवशीं, मार्गशीर्ष शुद्ध पंचमीस, महाराष्ट्रांत ‘नागदिवे’ करतात. पिठाचे दिवे लावून नागाचें स्मरण करण्याच्या या दिवसास नागदिवाळी असेंही नांव आहे. आज पुष्कळ घरांत हा दिवस खंडोबाच्या नवरात्राचें एक अंग होऊन बसला आहे, आणि नागाचें नांव कां, हें कोणी विचारीत नाहीं. श्रावण शुद्ध पंचमी ते मार्गशीर्ष शुद्ध पंचमी हे बरोबर चार चांद्रमास होतात. तेव्हां सह्याद्रीच्या दोन्ही टोकांस सर्पांच्या चातुर्मासाचे आरंभ व समाप्ति हीं दोन्ही टिकून राहिलीं आहेत, असें म्हणण्यास हरकत दिसत नाहीं.

एवढ्यावरून आमचें जुनें मत सिद्ध झालें असें मात्र नाहीं. काल जुळला म्हणून विधि जुळला असें होत नाहीं. आणि पावसाळ्यांत बिळांत पाणी शिरून सर्प मनुष्यवस्तींत येतात, हें निसर्गाचेंच वेळापत्रक असल्यामुळें, दोन समाजांनीं स्वतंत्रपणें तोच काल धरला असणेंही शक्य आहे. भेद कोठें आहे हें पाहिलें पाहिजे. सूत्रांतील सर्पबलि घरांत होतो. त्यास वन लागत नाहीं, शिला लागत नाहीं, वारूळ लागत नाहीं. सूत्रांतील सर्प पृथ्वीवरचे, अंतरिक्षांतले व द्युलोकांतले आहेत. ते अमुक घराण्याचे नाहींत. तुळुनाडांतील नाग मात्र अमक्या जागेचा व अमक्या वंशाचा आहे. त्याची जागा हलली तर तो कोपतो. हा विचार सूत्रांत आम्हांस कोठेंही सांपडला नाहीं.

शब्दांची साक्षही अशीच दुहेरी आहे. नाग, सर्प, बन, मंडल, आश्लेषाबलि हे शब्द संस्कृतांतून आलेले. आश्लेषा नक्षत्राची देवता सर्प, ही तर वेदांतली गोष्ट. परंतु सापास रोजच्या तुळु बोलींत ‘उच्चु’ म्हणतात आणि वारुळास ‘पुंच’. हा दुसरा शब्द कानडी ‘हुत्त’ व तमिळ ‘पुट्रु’ यांच्या कुळांतला आहे, संस्कृत ‘वल्मीक’ याच्याशीं त्याचा कांहीं संबंध नाहीं. कुक्के येथें आदिसुब्रह्मण्याच्या स्थानीं वारूळच पूजिलें जातें, आणि यात्रेकरूस प्रसाद म्हणून वारुळाची माती मिळते. गरुडाच्या भयानें वासुकीनें तेथें आश्रय घेतला व सुब्रह्मण्यानें त्यास अभय दिलें, ही कथा पुराणाच्या वळणाची आहे. माती मात्र कथेहून जुनी असावी. सिंधुदुर्गांत व गोमंतकांत सातेरी देवी वारुळाच्या रूपानें पूजिली जाते, हें वाचकांस ठाऊकच आहे. गोमंतकापासून कुमारधारेपर्यंत समुद्र व सह्याद्रि यांच्यामधील पट्टींत वारूळ हेंच देवतेचें आद्य रूप दिसतें. सातेरीच्या ठिकाणीं त्यावर देवीचें, आणि कुक्के येथें सुब्रह्मण्याचें नांव बसलें.

विधि करणारांकडे पाहिलें असतां हाच प्रकार दिसतो. नागमंडल हा तुळुनाडांतील सर्वांत थाटाचा नागविधि. पावसाळा संपल्यावर मांडवांत भुईवर पांच रंगांनीं परस्परांत गुंतलेल्या नागाची आकृति रेखतात: पांढरा, हळदीचा पिवळा, हळद व चुना मिळून झालेला तांबडा, पाल्याचा हिरवा आणि जाळलेल्या भाताच्या तुसाचा काळा. नागाच्या वेटोळ्यांच्या गांठींस ‘पवित्र’ म्हणतात. सोळा, आठ किंवा चार पवित्रांप्रमाणें मंडल लहान-मोठें होतें. रात्रीं नागपात्री हातांत पोफळीचे तुरे घेऊन आविष्ट होतो, आणि अर्धनारीच्या वेषांतील वैद्य डक्के नांवाचें लहान वाद्य वाजवीत त्याच्यापुढें गात नाचतो. पहांटेपर्यंत नाचतां नाचतां मंडल पुसलें जातें व त्याची रंगीत धूळ प्रसाद म्हणून वांटतात. पडुबिद्रि येथील खड्गेश्वरीच्या ब्रह्मस्थानीं एक वर्षाआड होणारा डक्केबलि याच वर्गांतला. हे पात्री व वैद्य ब्राह्मण असतात.

परंतु त्याच देशांत मेर लोक ‘काड्यनाट’ करतात. काड्य हाही नागच. येथें ब्राह्मण नाहीं, संस्कृत मंत्र नाहीं. गाणीं त्यांचीं स्वतःचीं, जागा त्यांची स्वतःची. नागमंडलाचा हा अपभ्रंश आहे असें म्हणण्यास आम्हांस कोणताही आधार दिसत नाहीं. अपभ्रंश असता तर मूळ विधींतील मंडलाची, पवित्रांची, अर्धनारीची कांहीं तरी मोडकीतोडकी खूण त्यांत दिसली असती. उलट नागमंडलांतील अंगांत येणें, रात्रभर गाणें, पोफळीचा तुरा हीं अंगें कोणत्याही गृह्यसूत्रांतील नसून, त्या देशाच्या भूताराधनेशीं त्यांचें नातें उघड आहे.

शिलालेखांची साक्ष थोडी आहे, पण चांगली आहे. तुळुनाडाच्या लगतच, घाटावर, बनवासी येथें मधुकेश्वराच्या देवालयांत पांच फणांची एक नागशिला आहे. तिच्यावरील प्राकृत लेखांत चुटुकुलाच्या सातकर्णीच्या काळीं एका राजकन्येनें नाग, तळें व विहार यांचें दान केल्याचें नमूद आहे. हा लेख इसवी सनाच्या दुसऱ्या-तिसऱ्या शतकांतला मानतात. म्हणजे नागाची शिला करून ती जलाशयाशीं जोडण्याची चाल या भागांत सुमारें सतराशें वर्षांची तरी जुनी आहे, आणि तेव्हां ती बौद्ध विहाराच्या शेजारींही नांदत होती. याउलट, तुळुनाडाचे जुने राजे आलुप यांचें नांव ‘आलुक’ या शेषाच्या संस्कृत नांवावरून आलें, म्हणून ते नागवंशी, अशी जी उपपत्ति कधीं कधीं मांडली जाते ती आम्ही प्रमाण धरीत नाहीं. ‘आळु’, राज्य करणें, हा द्राविड धातु हातांशीं असतांना कोशांतील आडवळणाचा शब्द शोधण्याचें कारण नाहीं. १९३६ सालीं पुण्यास प्रसिद्ध झालेल्या भास्कर आनंद सालेतोरे यांच्या तुळुव देशाच्या इतिहासापासून या वंशाचा पुष्कळ विचार झाला आहे. जिज्ञासूंनीं तो पाहावा.

अखेरचा पुरावा दंतकथांचा. १८७७ सालीं गर्सन द कुन्हा यांनीं मुंबईस छापलेल्या सह्याद्रिखंडामुळें परशुरामक्षेत्राच्या कथा आमच्या वाचकांस परिचित आहेत. मयूरवर्म्यानें अहिक्षेत्राहून ब्राह्मण आणून तुळुनाडांत वसविले, असें तेथील ग्रामपद्धति सांगते. शेजारच्या मलबारांत, गुंडर्ट यांनीं १८४३ सालीं मंगळुरास छापलेल्या केरळोत्पत्तींत, असें आहे कीं पहिले ब्राह्मण सर्पांच्या भयानें देश सोडून गेले, व पुढें सर्पांस जागा व पूजा देऊन मगच वस्ती झाली. या ग्रंथांतील राजे व काल यांवर कोणी विसंबूं नये. परंतु एक गोष्ट ध्यानांत घेण्यासारखी आहे. ही कथा वस्तीस आलेल्यांनींच सांगितलेली असून, आपण येण्यापूर्वीं भूमि सर्पांची होती हें तेच मान्य करतात. आपल्या सोयीविरुद्ध दिलेली साक्ष म्हणून तिला वजन आहे.

या सर्वांवरून आमचें आजचें मत असें: तुळुनाडांतील नागपूजेचें स्थान, रूप व घराण्याशीं असलेलें नातें हें त्या भूमीचें आहे, तिचा पंचांगांतील काल, मंत्र व संस्कार हे शास्त्राचे आहेत, आणि दोहोंचा सांधा इतका जुना झाला आहे कीं आज एकास मूळ व दुसऱ्यास शाखा म्हणणें बरोबर नाहीं. सर्पसंस्काराचेंच उदाहरण घ्या. नाग मेलेला आढळला, किंवा हातून मारला गेला, तर पिठाची आकृति करून तिचें मनुष्याप्रमाणें दहन व उत्तरकार्य करतात. आमच्या पुडक्यांतील पद्धतींत शब्द सर्व धर्मशास्त्राचे आहेत. परंतु सापास आप्तासारखें सुतक धरावें, हा भाव धर्मशास्त्रानें दिलेला नाहीं. तो बनांतून आला.

आतां राहिलेली गोष्ट. सीमापत्रांतील गांवाचें नांव वाचतां आलें, म्हणून गेल्या मार्गशीर्षांत आम्ही ताडपत्रें घेऊन तेथें गेलों. घराण्याचें व गांवाचें नांव येथें देत नाहीं. ओढा होता, शेत होतें, पण बन नव्हतें. १ मार्च १९७४ पासून अंमलांत आलेल्या कूळकायद्याच्या दुरुस्तीनंतर जमीन कसणाराच्या नांवें झाली होती, मूळ घराणें निरनिराळ्या शहरांत गेलें होतें, आणि पुढें कोणी हितबुद्धीनेंच ‘जीर्णोद्धार’ म्हणून झाडें तोडून सिमेंटाचा चौथरा बांधला होता. त्यावर एक नवी शिला होती. जुन्या शिला कोठें गेल्या हें कोणास सांगतां येईना. घराण्यांतील एक वृद्ध बाई आम्हांस भेटावयास आल्या होत्या. त्यांच्या आजीच्या तोंडीं या बनाचें नांव होतें, पण जागा कोणती यावर घराण्यांत तीस वर्षें वाद चालला होता. आम्ही पत्र वाचून दाखविलें; त्यांनीं तें पुन्हा वाचावयास सांगितलें, आणि मग एवढेंच विचारलें, “हें आमच्याकडे कां नव्हतें?”

त्यास आमच्यापाशीं उत्तर नव्हतें. पुडकें विकलें गेलें तेव्हां कोणी चोरी केली असें नाहीं. घर मोडलें, सामान निघालें, व्यापाऱ्यानें नेलें. परंतु पद्धतीच्या दहा प्रति अन्यत्र मिळतील. तें सीमापत्र एकच होतें, आणि तें आम्ही निरुपयोगी ठरविलें होतें. आमच्या स्नेह्यानें तीं दोन पत्रें त्या घराण्यास परत दिलीं व प्रतिकृति आपल्याकडे ठेवली, हें त्यांच्याकरितां नमूद करणें अवश्य आहे.

म्हणून संग्राहकांस आमची विनंति तीन प्रकारची आहे. तुळुनाडाकडील ताडपत्रें हातीं आल्यास ग्रंथाबरोबर बांधलेलीं सुटीं पत्रें वेगळीं काढूं नयेत, तीं प्रथम वाचावीं. त्यांत बनाचा किंवा घराण्याचा उल्लेख असेल तर त्याची नक्कल त्या गांवीं पोंचवावी. आणि नागशिला विकत घेऊं नयेत. जागेवरून काढलेली शिला इतिहासालाही मुकी असते. कोणत्या झाडाखालीं, कोणत्या वारुळापाशीं, किती शिलांच्या रांगेत, कोणत्या दिशेस तोंड करून ती होती, हाच तिचा लेख आहे. तो जागेवरच उतरून घेतां येतो. बनें उभीं आहेत तोंवर तीं मोजून, त्यांच्या सीमा, झाडें, शिला व पूजेचे दिवस लिहून ठेवावे. वर मांडलेल्या मतांत जें चुकलें असेल तें त्या नोंदींवरूनच दुरुस्त होईल, आणि तशी दुरुस्ती कोणी केल्यास आम्हांस आनंदच वाटेल.